भुकेला मेंदू काय काय करतो!

१९४५ च्या जुलै महिन्यात, ऐन उन्हाळ्यात, अमेरिकेतल्या मिनियापोलिस शहरात काही तरुण गरम कोट घालून फिरत होते. त्यांचा मुक्काम मिनेसोटा विद्यापीठाच्या फुटबॉल स्टेडियममध्ये, प्रेक्षकांच्या पायऱ्यांखाली बांधलेल्या खोल्यांत होता. त्या खोल्यांत डोकावलं असतं तर आणखी नवल वाटलं असतं. स्वयंपाकघराशी आजवर फारसा संबंध न आलेले हे पुरुष पाककृतींची पुस्तकं तासन्‌तास वाचत बसत. त्यातल्या एकाकडे तर अशी जवळजवळ शंभर पुस्तकं जमली!

काय झालं होतं त्यांना? आजार नव्हता, नशा नव्हती, घरात कुणी दगावलं नव्हतं. एवढंच झालं होतं की पाच महिने त्यांना पोटभर जेवायला मिळालं नव्हतं.

ॲनोरेक्सिया, बुलिमिया यांसारख्या खाण्याच्या विकारांत माणसाच्या मनाचं काय होतं, हे समजून घ्यायचं तर या तरुणांना भेटायलाच हवं. विशेष म्हणजे त्यांच्यातल्या एकालाही असा विकार नव्हता. उलट, शरीरानं आणि मनानं ठणठणीत असणं हीच त्यांच्या निवडीची अट होती.

दुसरं महायुद्ध संपत आलं होतं. लेनिनग्राडच्या वेढ्यात लाखो माणसं उपासमारीनं गेली होती, नेदरलँड्समध्ये लोक ट्यूलिपचे कंद खात होते. युद्ध थांबल्यावर या कोट्यवधी भुकेल्यांना पुन्हा जेवतं करायचं होतं. पण कसं? किती अन्न द्यायचं, कोणतं द्यायचं, किती दिवस द्यायचं? विज्ञानाकडे नेमकं उत्तर नव्हतं. ॲन्सेल कीज या शरीरशास्त्रज्ञानं ठरवलं की निरोगी माणसांना मोजून-मापून अर्धपोटी ठेवायचं, मग त्यांना पुन्हा भरवायचं आणि या काळातली प्रत्येक गोष्ट टिपायची.

पण मुद्दाम उपाशी राहायला तयार कोण होणार? शेकडो जण तयार झाले! सदसद्‌विवेकबुद्धीला स्मरून बंदूक उचलायला नकार दिलेले हे तरुण होते, त्यातले बरेच शांततावादी ख्रिस्ती पंथांचे. रणांगणावर जायचं नव्हतं, पण जगासाठी काही सोसायचं होतं. त्यांतून ३६ जण निवडले गेले आणि नोव्हेंबर १९४४ मध्ये प्रयोग सुरू झाला.

पहिले १२ आठवडे नेहमीचं जेवण. मग २४ आठवडे साधारण त्याच्या निम्मं. दिवसातून दोनदा बटाटे, सलगम, कोबी, काळा पाव, मॅकरोनी असं युद्धग्रस्त युरोपात मिळेल तसलं अन्न. शिवाय आठवड्याला सुमारे ३५ किलोमीटर चालणं. उद्दिष्ट असं की प्रत्येकाचं वजन अंदाजे एक चतुर्थांशानं उतरावं.

आधी शरीराची करामत पाहा. घरातला पगार अचानक निम्म्यावर आला तर घर काय करतं? सिनेमा बंद, नवे कपडे बंद, दिवे लवकर मालवायचे. मुलांची फी आणि आजीची औषधं मात्र शेवटपर्यंत थांबवायची नाहीत. या तरुणांच्या शरीरांनी नेमकं असंच केलं. हृदयाचे ठोके मिनिटाला सरासरी ५५ वरून ३५ च्या आसपास उतरले. स्वस्थ पडून असतानाही शरीर जी ऊर्जा खर्चतं ती जवळजवळ ४० टक्क्यांनी घटली. अंगातली ऊब कमी झाली, आणि म्हणूनच ते जुलैतले कोट! केस गळू लागले, कामवासना विझली, पायांवर सूज आली. हे सगळं करायला शरीराला कुणी शिकवलं? असंख्य दुष्काळांतून तगून आलेल्या पूर्वजांचा तो वारसा आहे. आपल्या प्रत्येकाच्या शरीरात तो गुपचूप बसलेला असतो.

आणि मन? त्याची गोष्ट तर याहून थक्क करणारी आहे.

आरंभी हे तरुण उत्साहानं भरलेले होते. विद्यापीठात वर्ग करत, जगाच्या भल्याबुऱ्यावर वाद घालत, एकमेकांची थट्टा करत. आठवडे सरत गेले तशी थट्टा आटली. बोलण्यात एकच विषय उरला, अन्न. सिनेमाला गेले तर नायक-नायिकेच्या प्रेमात रस वाटेना, पडद्यावर कुणी जेवायला बसलं की मात्र डोळे टवकारत. स्वप्नांतही जेवणच येई. पूर्वी काही मिनिटांत संपणाऱ्या जेवणावर काही जण आता दोन दोन तास घालवू लागले. पदार्थांची चमत्कारिक सरमिसळ करायची, मीठ-मसाला वाढवत राहायचा, शेवटी ताट चाटून पुसून लख्ख करायचं. चहा-कॉफीचे आणि च्युइंगमचे इतके रतीब लागले की संशोधकांना त्यावर मर्यादा घालावी लागली.

त्याहून विचित्र म्हणजे काही जण वस्तू साठवू लागले. कॉफीची भांडी, स्वयंपाकाची हत्यारं इथवर समजू शकतं. पण जुनी पुस्तकं, जुने कपडे, ज्यांचा काही उपयोग नाही असं किडूकमिडूक? ते विकत घ्यायचं आणि नंतर स्वतःच चकित व्हायचं, हे आपण का आणलं? गंमत अशी की उपाशी ठेवलेले उंदीरसुद्धा साठेबाजी करतात. म्हणजे ‘ही माझी आवड’ असं ज्याला आपण म्हणतो, त्यातला किती भाग आपला आणि किती आपल्या पोटाचा?

या तरुणांना वाटू लागलं की आपली बुद्धी मंदावली, वाचलेलं डोक्यात शिरत नाही. मानसशास्त्रज्ञांनी चाचण्या घेतल्या. निकाल काय लागला असेल? बुद्धीची क्षमता जवळपास होती तशीच होती! मग लक्ष का लागत नव्हतं? कारण सगळं लक्ष भुकेनं आधीच पळवून नेलं होतं. विचार करण्याची ताकद शाबूत होती, पण विचारांचा विषय निवडण्याची मोकळीक उरली नव्हती. खाण्याच्या विकारासोबत जगणं म्हणजे काय, याचं याहून नेमकं वर्णन मला माहीत नाही.

आणखी पुढे जा. ही माणसं एकटी एकटी राहू लागली, क्षुल्लक कारणांवरून चिडू लागली, उदास झाली. व्यक्तिमत्त्वाच्या चाचण्यांत नैराश्याचे आणि आजाराच्या धास्तीचे गुण चढत गेले. कुणी मोह न आवरून नियम मोडला, बाहेर काही खाल्लं, तर त्यानंतर अपराधी भावनेनं तो कोसळून जाई. काहींना तर स्वतःची हडकुळी अंगं नेहमीसारखी आणि भोवतालची धडधाकट माणसंच अवाजवी जाड वाटू लागली!

पुन्हा आठवण करून देतो, हे सगळे निवडून घेतलेले, स्थिर मनाचे तरुण होते. त्यांच्या बालपणात काही बिघडलं नव्हतं, त्यांना सुंदर दिसायचा ध्यास नव्हता. बदलली होती फक्त ताटातल्या अन्नाची मात्रा.

मग जुलैअखेर पुन्हा जेवण वाढवायला सुरुवात झाली. आता सगळं छान होणार, नाही का? इथेच सगळ्यात मोठं आश्चर्य दडलं होतं. पुढच्या १२ आठवड्यांत जेवण ठरावीक प्रमाणात, हळूहळू वाढवलं गेलं आणि काहींना हा काळ उपासमारीहूनही कठीण गेला. मन लगेच सावरलं नाही, काहींचं तर आणखी खचलं. पुढे मनमुराद खायची मुभा मिळाली तेव्हा माणसं नेहमीच्या कितीतरी पट जेवली आणि तरीही भूक भागेना. पोट तुडुंब भरलेलं, पण मेंदू म्हणतोय, अजून! पोट आणि कंबर सुटू लागली तशी काहींना ‘आपण लठ्ठ होतोय’ अशी भीतीही वाटली. शरीर स्नायूंच्या आधी चरबीची कोठारं भरत होतं, पुढच्या दुष्काळाची तजवीज म्हणून. पूर्ववत व्हायला कुणाला काही महिने लागले, कुणाला त्याहून बराच अधिक काळ. तिघे जण तर पुढे पेशानं आचारी झाले! या साऱ्याची नोंद कीज आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९५० मध्ये दोन जाडजूड खंडांत प्रसिद्ध केली.

आता हे वर्णन जवळ ठेवा आणि आपल्या ओळखीच्या एखाद्या घरात या. सतरा वर्षांची मुलगी आहे. स्वतः घासभर खाते, पण घरच्यांसाठी हौसेनं केक करते, मोबाइलवर पदार्थांचे व्हिडिओ बघत राहते. पोळीचे बारीक बारीक तुकडे करत तास काढते. मैत्रिणींचे फोन घेत नाही. लग्नाची आमंत्रणं आली की तिला आठवडाभर आधीपासून धास्ती, कारण तिथे पंगत असेल, आग्रह असेल. डोक्यात अखंड आकडेमोड चाललेली: सकाळी काय खाल्लं, संध्याकाळी काय टाळायचं. घरचे म्हणतात, ‘नाटकं आहेत सगळी.’ शेजारच्या काकू म्हणतात, ‘बारीक झालीस, छान दिसतेस हो!’ मिनेसोटाच्या त्या तरुणांना ही मुलगी किती ओळखीची वाटली असती!

आणि जो आधी स्वतःवर कडक निर्बंध घालतो, मग एखाद्या रात्री भान हरपून खात सुटतो आणि नंतर लाजेनं स्वतःचाच तिरस्कार करतो, तो? त्याला आपण ‘जिभेवर ताबा नाही’ म्हणतो. पण बुलिमियासारख्या विकारांत हे चक्र फिरतं तेव्हा त्यामागेही बहुधा उपासमारच असते. लांबलेली भूक मेंदूच्या हातून लगाम सोडवून घेते. त्यामागोमाग अपराधीपणा येतो, तो पुन्हा उपाशी ठेवतो, आणि त्या उपाशीपणातून पुढच्या रात्रीची तयारी होते. प्रत्येक फेरीत माणूस स्वतःला आणखी कमकुवत समजू लागतो. खरं तर त्याचा मेंदू दुष्काळात मेंदूनं करायचं तेच काम इमानेइतबारे करत असतो.

पण तुम्ही रास्त प्रश्न विचाराल. त्या ३६ तरुणांना तर खायचं होतं! वाढलेल्या ताटातला शेवटचा कणही ते सोडत नसत. ॲनोरेक्सियात माणूस भरल्या ताटापासून दूर का पळतो?

या प्रश्नाचा एक धागा १९६७ मधल्या एका उंदरांच्या प्रयोगात सापडतो. उंदरांना दिवसातून फक्त तासभर अन्न दिलं तर ते त्या तासात खायला शिकतात आणि तगतात. पण पिंजऱ्यात धावायचं चाक ठेवलं की चक्र उलटं फिरतं. उपाशी उंदीर धावू लागतो. जितका अशक्त होतो तितका जास्त धावतो, आणि अन्नाच्या तासात कमीच खातो. चाक काढून घेतलं नाही तर धावता धावता मरतो! भुकेनं प्राणी थकून बसायला हवा ना? मग हा धावतो का? काही संशोधकांचा तर्क असा की दुष्काळी मुलूख सोडून दूर अन्न शोधायला निघणाऱ्या पूर्वजांच्या कामी येणारी ही प्रेरणा असावी. वजन भराभर उतरलेल्या अनेक रुग्णांना क्षणभर स्वस्थ बसवत नाही, हे डॉक्टर दीडशे वर्षं लिहीत आले आहेत. ‘एवढी तरतरीत आहे, मग आजारी कशी?’ असं म्हणणाऱ्या नातेवाइकांनी हा उंदीर लक्षात ठेवावा.

दुसरा धागा जनुकांत आहे. २०१९ मध्ये सुमारे १७ हजार ॲनोरेक्सियाग्रस्तांच्या जनुकांची इतरांशी तुलना प्रसिद्ध झाली. आजाराशी निगडित अशा आठ जागा सापडल्या. त्यांचं नातं इतर मानसिक आजारांशी निघेल हे अपेक्षितच होतं. नवल हे की चयापचयाशी, रक्तातल्या साखरेशी आणि चरबीशी संबंधित गुणांशीही ते निघालं. म्हणजे ज्याला आपण निव्वळ मनाचा हट्ट समजत होतो त्याची मुळं शरीराच्या इंधन-व्यवस्थेतही आहेत. बहुतेकांना भूक अस्वस्थ करते. पण कित्येक रुग्ण सांगतात की न खाल्ल्यानं त्यांची घालमेल, निदान सुरुवातीला, शांत होते. डाएट, आजारपण, परीक्षेचा ताण अशा कुठल्याही कारणानं वजन उतरतं आणि अशा प्रकृतीच्या माणसाचा पाय त्या खोलात जातो.

तिसरा धागा मेंदूच्या आत. २०१५ मध्ये न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठातल्या संशोधकांनी ॲनोरेक्सिया झालेल्या स्त्रिया पदार्थ निवडत असताना त्यांचा मेंदू स्कॅनरमध्ये पाहिला. निवडीच्या वेळी सवयींशी जोडलेला एक खोल भाग त्यांच्यात ठळकपणे गुंतलेला दिसला. सायकल चालवताना आपण तोल कसा सांभाळायचा हे ठरवत बसत नाही, तो आपोआप सांभाळला जातो. न खाणं अशा आपोआप घडणाऱ्या गोष्टींच्या मुलखात गेलं असेल तर ‘ठरव आणि खा’ या उपदेशाचा किती उपयोग होणार?

म्हणूनच या आजाराचं ओझं बाहेरून कळत नाही. आत दोन आवाज भांडत असतात. एकाला जगायचं असतं, कॉलेजला जायचं असतं, आईच्या हातची पुरणपोळी पूर्वीसारखी बिनघोर खायची असते. दुसरा प्रत्येक घासाची शिक्षा सुनावत असतो. हे भांडण दिवसातून एकदा होत नाही. प्रत्येक जेवणाला, प्रत्येक आरशापाशी, प्रत्येक ‘काय गं, जेवलीस का?’ला ते नव्यानं पेटतं. सर्वाधिक जीव घेणाऱ्या मानसिक आजारांत ॲनोरेक्सियाची गणना होते, आणि त्या मृत्यूंत आत्महत्यांचाही वाटा आहे. हा आजार मुलांना होतो, प्रौढांना होतो आणि फक्त काटकुळ्या देहांतच राहत नाही. जाड दिसणाऱ्या माणसाचं वजन झपाट्यानं उतरलं असेल तर त्याचाही मेंदू तितकाच भुकेला असू शकतो. आपण मात्र त्याचं अभिनंदन करत असतो.

मग यातून बाहेर पडायची वाट कोणती? १८७३ मध्ये लंडनच्या विल्यम गल यांनी या आजाराला ॲनोरेक्सिया नर्व्होसा हे नाव दिलं. नियमित अन्न द्यायला हवं, हे त्यांनी तेव्हाच ओळखलं. पण नातेवाईक हे सर्वांत वाईट सेवक, असंही त्यांचं मत होतं. पुढची शंभर वर्षं आईवडिलांना दूर ठेवलं गेलं, अनेकदा त्यांनाच दोषी धरलं गेलं. १९८० च्या दशकात लंडनच्याच मॉड्स्ले रुग्णालयात हे गणित उलटं मांडलं गेलं. किशोरवयीन रुग्णाला भरवायची जबाबदारी काही काळ आईवडिलांच्याच हाती द्यायची! आजार वेगळा आणि मूल वेगळं असं मानायचं, दोष कुणालाच द्यायचा नाही, रोज शांतपणे, ठामपणे ताटापाशी सोबत बसायचं. वजन सावरलं की खाण्याचा ताबा पायरीपायरीनं मुलाकडे परत द्यायचा. किशोरांसाठी आज ही सर्वाधिक पुरावा असलेल्या उपचारपद्धतींपैकी एक आहे. आधी पोटोबा, मग विठोबा हे आपल्याकडे म्हणतातच. इथे ते अक्षरशः खरं ठरतं, कारण उपाशी मेंदूशी समुपदेशनाचं बोलणं फारसं पुढे सरकत नाही.

एक सावधगिरी मात्र हवीच. फार खंगलेल्या माणसाला घरच्या घरी एकदम भरपूर जेवू घालू नये. रक्तातलं फॉस्फेट झपाट्यानं उतरून हृदय धोक्यात येऊ शकतं. म्हणून सुरुवात डॉक्टरांच्या देखरेखीखालीच व्हावी. फॅमिली डॉक्टर, मानसोपचारतज्ज्ञ यांच्याकडे जा. कुणाशी बोलावं हेच सुचत नसेल तर ‘टेलि-मानस’ या सरकारी सेवेचा १४४१६ हा मोफत क्रमांक आहे, आणि तिथे मराठीतूनही बोलता येतं.

आणि आता मला सर्वांत थक्क करणारी गोष्ट. ॲनोरेक्सियात मेंदू आकसतो हे स्कॅनमध्ये दिसतं. त्याचा करडा भाग पातळ होतो. पण नियमित अन्न मिळून वजन सावरू लागलं की तो पुन्हा भरू लागतो, आणि बऱ्याच अंशी पूर्ववत होतो! अन्न आत गेल्याबरोबर मन हसत नाही. मिनेसोटाच्या तरुणांनाही महिनोन्‌महिने वाट पाहावी लागली होती. तोवर ती मुलगी चिडेल, रडेल, खोटं बोलेल, तुमच्यावर दार आपटेल. त्या वेळी तिच्याशी वाद जिंकायचा प्रयत्न करू नका. तिच्या रंगरूपावर एक शब्दही बोलू नका, चांगलासुद्धा नाही. पुढचं जेवण वेळेवर वाढा आणि ते संपेपर्यंत तिच्या शेजारी बसून राहा.